उसनी आणलेली चाल

त्या गृहस्थांना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्यांना हार घातलेला होता. शेजारच्या गुजराती बेनच्या घरी टीव्हीवर संध्याकाळची मालिका चालू होती, आणि मालिकेतल्या बंगल्याच्या भिंतीवर एका स्वर्गवासी शेठचा फोटो टांगलेला होता. चंदनाचा हार, खाली मिणमिणता दिवा, आणि 'मी सुटलो, आता तुमचं तुम्ही बघा' अशी मुद्रा. मालिकेतल्या सुना त्या फोटोपुढे उभ्या राहून रडत, शपथा घेत आणि एकमेकींना घराबाहेर काढत. दुसऱ्या दिवशी सकाळी तेच शेठ आमच्या बडोद्यातल्या निजामपुऱ्याच्या भाजीबाजारात पापडी निवडताना दिसले. बेननी माझा दंड घट्ट धरला.

"बेन, आ भाई तो जीवे छे!"

जिवंत होते. आमच्याच सोसायटीत वरच्या मजल्यावर नुकतेच राहायला आले होते, मराठी होते, आणि ज्या कारखान्याच्या ग्रंथालयात मी कामाला होते त्याच कारखान्याच्या, हजेरी ठेवणाऱ्या टाइम ऑफिसात होते. त्या फोटोसाठी त्यांना एकदाच स्टुडिओत बोलावलं होतं. मालिका पुढे दोन वर्षं चालली. "माझी सगळ्यांत लांबलेली भूमिका," ते सांगत, "आणि एक संवाद चुकला नाही."

सोसायटीने त्यांचं नाव 'कलाकार' ठेवलं. त्यात आदर किती आणि थट्टा किती हे म्हणणाऱ्यावर अवलंबून असे, पण ते कुठल्याही स्वराला सारखीच ओ देत.

पुढच्या वर्षांत मी त्यांना न्यायाधीश, डॉक्टर, पोलीस कमिशनर, तलाठी, पुजारी, सोन्याचा तस्कर आणि नायिकेचा मामा म्हणून पाहिलं. गुजराती सिनेमे, मालिका, मधूनच हिंदीतला एखादा तुकडा, सिमेंटची जाहिरात. हालोल रस्त्याकडच्या स्टुडिओत कुणाला 'एक वयस्क, भारदस्त' हवा असला की फोन त्यांना यायचा. पडद्यावर नाव क्वचित यायचं, आणि आलं तरी इतक्या घाईने वर सरकायचं की ते वाचणं त्यांनाच जमे. डॉक्टर असले की वाक्य ठरलेलं. "हवे तो उपरवाळो ज बचावे." आता वरचाच काय तो वाचवेल. एकदा मी म्हटलं, "तुम्ही इतक्या वेळा डॉक्टर झालात, पण एक रोगी बरा केला नाहीत."

"ताई, मी बरा केला तर हीरोने काय करायचं?"

शूटिंग संपलं की ते घरी फोन करत. वहिनींचा, म्हणजे त्यांच्या बायकोचा, पहिला प्रश्न कधी बदलला नाही.

"मेलात का?"

"नाही. फक्त अटक."

"मग येताना दही आणा."

मेले असतील तर मात्र दह्याचं काम मिळत नसे. त्या दिवशी वहिनी उंबऱ्याशी तांब्या घेऊन उभ्या असत. पायांवर पाणी घेतल्याशिवाय आत पाऊल टाकायचं नाही; स्मशानातून आलेल्या माणसाला जे नियम ते यांनाही. स्वतःच्याच अंत्ययात्रेहून परत येऊन निमूटपणे पाय धुणारा दुसरा माणूस माझ्या पाहण्यात नाही.

कारखान्यात वर्षातून एकदा मॉक ड्रिल होई. भोंगा वाजायचा, गॅस गळल्याचं सर्वांनी समजून चालायचं, आणि एका माणसाने बेशुद्ध होऊन पडायचं. इतर वर्षी पडणारा माणूस हसू दाबत, एक डोळा उघडा ठेवून पडे. एका वर्षी टाइम ऑफिसने हे काम कलाकारांना दिलं. ते असे पडले की सेफ्टी ऑफिसरच्या हातातली शिट्टी गळून पडली. अँब्युलन्समध्ये नवे डॉक्टर होते, त्यांना ड्रिलची कल्पना होती पण या माणसाची नव्हती. त्यांनी नाडी पाहिली, पापणी उचलून पाहिली, आणि दंडात एक इंजेक्शन दिलं. सुई टोचली तरी हे हलले नाहीत. संध्याकाळी बसमध्ये दंड चोळत माझ्या शेजारी येऊन बसले.

"अहो, निदान सुईला तरी उठायचं!"

"कट कुणी म्हटलं नव्हतं," ते म्हणाले.

कुणी 'अभिनय छान करता' असं म्हटलं की त्यांना आवडत नसे. "मी कुठला करतोय? मी उसनं आणतो." हे विनयाने म्हटलेलं नसायचं. ती त्यांची कामाची रीतच होती. भूमिका मिळाली की ते दोन-चार दिवस गावात हिंडत. रावपुऱ्यात, स्टेशनवर, समा भागातल्या दवाखान्यात, बँकेच्या रांगेत. आणि कुणाची तरी एक गोष्ट उचलून आणत. पूर्ण माणूस कधी नाही, एकच गोष्ट. कुणाचं खोकणं, कुणाचं चष्मा पुसणं, कुणाची उत्तर देण्याआधीची थांबण्याची पद्धत. बाकीचा माणूस त्या एका गोष्टीमागून आपोआप येतो, असं त्यांचं म्हणणं होतं.

आणताना विचारत नसत. परत करायला मात्र जात. शेजारून वाटीभर साखर आणली तर ती वाटी रिकामी परत करायची नसते, हे त्यांच्या आईने त्यांना शिकवलेलं. म्हणून परत करताना हातात लीलो चिवड्याचा पुडा असे. आपल्या बडोद्याचा तो ओलसर, हिरवा, बटाटा घातलेला. मालकाकडे जायचं, चहा घ्यायचा, मग उभं राहून ती गोष्ट त्याच्यासमोर एकदा करून दाखवायची. "तुमचं होतं. परत केलं." त्यानंतर ती पुन्हा कधीही, कितीही चांगल्या भूमिकेसाठी, वापरायची नाही.

सोन्याच्या तस्करासाठी त्यांनी बँकेतल्या कॅशियरबाईंचं बोट आणलं होतं. त्या नोटा मोजताना स्पंजवर बोट टेकवत आणि मग पहिल्या नोटेला हात लावण्याआधी समोरच्या माणसाकडे एकदा बघत, जणू नोट खोटी निघाली तर चेहरा लक्षात असावा. पडद्यावर तस्कराने हे केलं तेव्हा थिएटरात सगळे गप्प झाले. परत करायला गेले तेव्हा बाईंनी काउंटरच्या मागून आ वासून पाहिलं. "हुं आवुं करुं छुं?" मी असं करते? पुढे म्हणे त्या बराच काळ बोटाकडे बघूनच नोटा मोजत होत्या.

माझ्याकडूनही त्यांनी एक गोष्ट नेली. पुस्तक उशिरा परत करणाऱ्याकडे मी चष्म्याच्या वरून बघते. बोलत काही नाही, नुसतं बघते. ते त्यांनी एका न्यायाधीशाला दिलं. मला त्यात फारसं काही वाटलं नाही, पण त्या न्यायाधीशाने नायकाला जन्मठेप दिली आणि प्रेक्षकांना ती पटली. पुडा घेऊन आले, चहा घेतला, दारात उभं राहून माझ्याकडे चष्म्यावरून पाहिलं. त्या वर्षी मी ग्रंथालयाच्या नियमांत थोडी सवलत आणली.

आता माझ्या सासऱ्यांबद्दल सांगायला हवं.

सासरे वीज कंपनीत मीटर तपासण्याच्या खात्यातून निवृत्त झाले होते. पण ही त्यांची ओळख नव्हे. त्यांचे पणजोबा गायकवाडांच्या पलटणीत सुभेदार होते, ही ओळख. ती त्यांच्याआधी खोलीत येई. घरात एक तलवार होती. म्यानातून ती निघत नसे, आणि ती धारेला कशी आहे याची चर्चा मात्र दर पाहुण्यापुढे होई. माझ्या माहेरी मोठेपणाचा कुठलाच पुरावा नसल्यामुळे मला या सगळ्याची सवय व्हायला वेळ लागला. खरं सांगायचं तर झालीच नाही. पण त्यांच्या चालण्यापुढे माझंही काही चालत नसे.

ते चालणं बघण्यासारखं होतं. आधी टाच पडायची, मग हुकमावर शिक्का उमटावा तसा सबंध तळवा. डावा हात कमरेशी, नसलेल्या तलवारीच्या मुठीवर. डावा खांदा त्या नसलेल्या तलवारीच्या वजनाने किंचित खाली. रस्ता ओलांडण्याआधी ते थांबत, वाहनांकडे न बघता समोर बघत, आणि मग निघत. बडोद्यातल्या रिक्षा कुणासाठी थांबत नाहीत. त्यांच्यासाठी थांबत. आम्ही रावपुरा सोडून निजामपुऱ्यात आलो तरी ते रोज सकाळी रिक्षा करून रावपुऱ्याला जात आणि तिथे चालत. "इथे चालावं असा रस्ताच नाही," असं त्यांचं म्हणणं होतं. रावपुऱ्यात पानवाला "सुभेदारसाहेब आव्या" म्हणून फळकुट बाजूला सरकवायचा. वर्षातून एकदा, दसऱ्याला, जुन्या लष्करी घराण्यांची चार माणसं शमीपूजनाला मिरवत जात. त्या मिरवणुकीच्या सर्वांत पुढे, तलवार घेऊन चालण्याचा मान आमच्या घराचा. तेवढ्या एका तासासाठी उरलेलं वर्ष असायचं.

ही चाल कलाकारांच्या नजरेतून सुटणं शक्यच नव्हतं.

गुजराती विनोदी सिनेमा होता. राज्य कधीच गेलेलं, पण दिवाणाचा वंशज अजून दिवाणाच्या तोऱ्यात भाजी आणायला जातो, अशी भूमिका. तीन-चार प्रसंगच होते. सिनेमा चालला. निम्मा तरी त्या दिवाणामुळे चालला. कलाकारांनी सोसायटीत पास वाटले, आणि आम्ही घरचे सगळेही पहिल्या आठवड्यात गेलो. दिवाणसाहेब पडद्यावर हातात कोथिंबिरीची जुडी घेऊन आले. टाच, शिक्का, खांदा. थिएटर हशाने फुटलं. मीही हसले, हसण्यासारखंच होतं. मग बाजूला पाहिलं. सासरे खुर्चीत ताठ बसले होते आणि समोरच्या माणसाकडे, म्हणजे स्वतःकडे, बघत होते. मध्यंतरात त्यांनी सगळ्यांना पॉपकॉर्न आणून दिलं. ते असं कधी करत नसत.

दुसऱ्या दिवशी रावपुऱ्याला गेले आणि लगेच परत आले. "गर्दी आहे," म्हणाले. त्यानंतर गेले तरी दुकानांच्या कडेकडेने, पाय उचलून टाकत, कुणीही म्हाताऱ्या माणसाने चालावं तसं चालू लागले. त्या दृश्याचा तुकडा सगळ्यांच्या मोबाइलवर फिरत होता. त्या दसऱ्याला त्यांनी गुडघा दुखत असल्याचं कळवलं. माझे यजमान तलवार घेऊन पुढे चालले. तलवार त्यांनी छत्रीसारखी धरली होती.

कलाकार रीतीप्रमाणे पुडा घेऊन आले. चहा झाला. ते दारापासून टीव्हीपर्यंत चालत गेले आणि परत आले. आमच्या त्या दिवाणखान्यात मी तेवढी हुबेहूब गोष्ट कधी पाहिली नव्हती. कपाटातल्या बशा किणकिणल्या.

"तुमचं होतं, सुभेदारसाहेब. परत केलं."

सासऱ्यांनी शांतपणे कप खाली ठेवला. "फार छान करता. ठेवा तुमच्याकडेच. आता ते तुम्हाला शोभतं."

पुडा टेबलावर तसाच राहिला. कलाकार दोन पायऱ्या चढून पुन्हा खाली आले आणि मला हळूच म्हणाले, "ताई, असं कधी झालं नव्हतं. परत घेतलं नाही त्यांनी."

"मग आता?"

"मग आता माझ्याकडे राहिलं की. आणि माझं नाही."

यानंतर वर्षभराने मुंबईहून फोन आला. तोवर कलाकार निवृत्त झाले होते. वेब सिरीज, आठ भाग. एका पडत्या संस्थानाच्या म्हाताऱ्याची मुख्य भूमिका. दिग्दर्शकाने तो मोबाइलवर फिरणारा तुकडा पाहिला होता. त्याला तोच माणूस आणि तीच चाल हवी होती. दुसरं काही करून दाखवायची गरज नव्हती. पोस्टरवर नाव असणार होतं.

हे त्यांना किती हवं होतं ते दिसतच होतं. जिन्यावरून उतरताना ते गुणगुणत होते. वहिनींनी त्यांच्यासाठी दोन नवे शर्ट शिवायला टाकले आणि सोसायटीतल्या प्रत्येक घरी स्वतः जाऊन सांगितलं. सांगण्यासारखी गोष्ट त्यांच्या लेखी एकच होती.

"आठही भागांत जिवंत आहेत!"

"शेवटीसुद्धा?" मी विचारलं.

"शेवटी फक्त तीर्थयात्रेला जातात."

कलाकार मात्र शर्टांची मापं देऊन थेट आमच्याकडे आले. सासऱ्यांसमोर उभे राहिले आणि सगळं सांगितलं. नियम त्यांचा होता, तो मोडायला परवानगी हवी होती.

"एवढ्यासाठी आलात?" सासरे वर्तमानपत्रातून वर न बघता म्हणाले. "दिलीच आहे की. एकदा दिलेलं मी परत मागत नाही."

म्हणजे आता कुठलीच अडचण राहिली नव्हती. आमच्या सुभेदारांनी दानपत्र दिलं होतं. पण कलाकारांची आणखी एक खोड होती: उसन्या वस्तूला कॅमेऱ्यापुढे नेण्याआधी ते मूळ मालकाला गुपचूप पाहून एकदा ती ताजी करून घेत. "चाल आठवणीत ठेवली की गोड होते," असं त्यांचं मत होतं. म्हणून एका सकाळी ते सासऱ्यांच्या मागोमाग रावपुऱ्याला गेले. दुपारी ग्रंथालयात फोन केला. मी जेवणाचा डबा उघडत होते.

"ताई, ती गेली."

"कोण गेली?" मी घाबरले.

"चाल. नाहीच आहे. मी मागे होतो. ते भिंतीला धरून चालतात. एक रिक्षावाला ओरडला, 'ए काका, साइडमां!' आणि ते..." त्यांना पुढचं नीट सांगता येईना. "ते उडी मारून बाजूला झाले हो. सुभेदार. उडी मारून."

मी डब्याचं झाकण परत लावलं.

"मी नेली आणि त्यांच्याकडे राहिली नाही, असं कसं होईल? वाटीभर साखर आणली म्हणून शेजारणीचा डबा रिकामा होतो का?"

"साखरेला कुणी हसत नाही," मी म्हटलं.

मग म्हणाले, "दसरा कधी आहे?"

दसऱ्याला महिना होता. मुंबईचं शूटिंग त्याच सुमारास सुरू व्हायचं होतं.

त्याच आठवड्यात ते पुन्हा सासऱ्यांकडे आले, पण या वेळी वेगळ्याच चेहऱ्याने. अपुऱ्या अभ्यासाच्या विद्यार्थ्याच्या. "सुभेदारसाहेब, जमत नाहीये. मुंबईचे लोक आहेत, हसं होईल. संध्याकाळी गच्चीवर जरा नजर टाकाल का? तुम्ही काही करू नका. खुर्चीत बसून सांगा फक्त."

सासऱ्यांना कुणी सल्ला विचारला आणि त्यांनी दिला नाही, असं आमच्या घराण्याच्या इतिहासात घडलेलं नाही.

गच्चीवर पाण्याच्या टाकीजवळ खुर्ची मांडली गेली. अँटेनाला उत्तरायणातल्या पतंगांचा मांजा अजून लटकत होता. मी दोरीवर कपडे वाळत घालत होते, म्हणजे निदान हातात चिमटे घेऊन उभी होते. कलाकार जिन्यापासून टाकीपर्यंत चालत आले, आणि मला धक्काच बसला. वाईट चालले. ज्या माणसाने आमच्या कपाटातल्या बशा वाजवल्या होत्या, तो आता चवड्यांवर येत होता.

"टाच!" खुर्चीतून आवाज आला.

"काय झालं टाचेला?"

"टाच आधी पडली पाहिजे. तुम्ही चोरासारखे येताय."

कलाकार परत गेले, परत आले. या वेळी टाच पडली, पण खांदा वर.

"शिव शिव! तो खांदा आहे की खुंटी? खाली घ्या. तिथे तलवार आहे."

"कुठे?"

"कुठे काय? कमरेला! वजन आहे तिला. सव्वाशे वर्षांचं वजन आहे."

"सुभेदारसाहेब, मला नाही जमायचं आता. वय झालं."

"वय? तुम्ही माझ्याहून चांगले पंधरा वर्षांनी लहान आहात. लाज नाही वाटत?"

"असं का?" म्हणत कलाकारांनी खांदा इतका खाली घेतला की ते लंगडल्यासारखे दिसू लागले. तेव्हा सासऱ्यांना राहवलं नाही. ते उठले. "व्हा बाजूला." त्यांनी डावा हात कमरेशी नेला. पहिलं पाऊल अडखळलं. दुसरंही. टाकीपाशी पोचेपर्यंत टाच पडू लागली होती.

मी कलाकारांकडे बघितलं. मी काहीतरी बोलणार होते. त्यांनी चष्म्याच्या वरून माझ्याकडे पाहिलं. बोलले काही नाहीत, नुसतं पाहिलं. ते माझंच पाहणं होतं, मला रीतसर परत केलेलं. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी परत केलेली वस्तू दुसऱ्यांदा वापरली. मी चिमटे मोजू लागले.

मग रोज संध्याकाळी हेच. रोज कलाकार एखादी नवी चूक घेऊन येत. चुका त्यांनी फार विचार करून निवडलेल्या असत: आज फक्त हात, उद्या फक्त मान, परवा रस्ता ओलांडण्याआधीचं थांबणं. शेजारच्या बेननी विचारलं, "उपर शुं चाले छे, धरतीकंप?" सासरे वैतागून मला सांगत, "सूनबाई, चांगला माणूस आहे, पण ठोंब्या आहे. मुंबईचे लोक काय बघून घेतायत कोण जाणे." आणि हे सांगताना ते दिवाणखान्यात येरझारा घालत असत, आणि बशा वाजत असत.

मुंबईच्या लोकांना काय झालं ते मला वहिनींकडून कळलं. कलाकारांनी नाही म्हणून कळवलं होतं. वहिनींनी त्यांच्याशी दोन दिवस बोलणं टाकलं होतं. नंतर एवढंच म्हणाल्या, "आठ भाग जिवंत राहणार होतात."

"राहीन की. घरी."

मी कलाकारांना जिन्यात गाठलं. "त्यांनी परवानगी दिली होती तुम्हाला. नियमही मोडला नसता."

"ताई, माल बाजारात एकच आहे. मी मुंबईला नेला तर इथे कोण चालेल?" मग धंद्याची अडचण सांगावी तशा सुरात म्हणाले, "आणि खरं सांगू? मूळ माणूस पुन्हा इतका चांगला चालायला लागलाय की माझं त्याच्यापुढे नकली वाटतं."

यातलं पहिलं खरं होतं की दुसरं, हे मी अजून ठरवलेलं नाही.

दसऱ्याला बडोदं फाफडा-जलेबीच्या रांगेत उभं असतं. दुपार उलटली तरी रावपुऱ्यात कढया तापलेल्या होत्या आणि स्कूटरवाले पिशव्या सांभाळत एकमेकांच्या अंगावर येत होते. त्या गर्दीतून चार म्हाताऱ्यांची आमची मिरवणूक निघाली. पुढे सासरे. डोक्याला पागोटं, हातात म्यानातली तलवार. निघण्याआधी क्षणभर ते दुकानांच्या कडेला सरकले. मग त्यांनी गर्दीत कुणाला तरी शोधलं.

कलाकार फाफड्याच्या रांगेत उभे होते, इतर शंभर माणसांसारखे.

"कलाकार!" सासरे भर रस्त्यात ओरडले. "खांदा?"

"अर्धा इंच खाली, सुभेदारसाहेब."

खांदा अर्धा इंच खाली गेला. टाच पडली. रस्ता ओलांडण्याआधी ते थांबले, समोर बघितलं आणि निघाले. एक रिक्षा करकचून थांबली. मागच्या स्कूटरवरचा तरुण मोबाइल वर करून ओरडला, "अरे, आ तो पेला पिक्चरवाळानी जेम चाले छे!"

हा तर त्या सिनेमातल्या माणसासारखा चालतोय. लोक वळून बघू लागले. दोघे-तिघे हसलेही. मी डोळे मिटून घ्यायच्या बेतात होते. सासरे थांबले, सगळी मिरवणूक त्यांच्या मागे थांबली, आणि त्यांनी त्या तरुणाकडे सुभेदाराने रंगरुटाकडे बघावं तसं बघितलं.

"ना भाई," ते म्हणाले. "ए मारी जेम चाले छे."

नाही बाबा, तो माझ्यासारखा चालतो. आणि निघाले. तरुणाने मोबाइल खाली घेतला की नाही ते मला आठवत नाही. पानवाल्याने फळकुट बाजूला सरकवल्याचं आठवतं.

संध्याकाळी आपट्याची पानं द्यायला कलाकार आणि वहिनी आमच्याकडे आले. त्यांच्या हातात लीलो चिवड्याचा पुडा होता. मागचा पुडा कुणी फोडला नव्हता हे ते विसरले नव्हते, त्यामुळे त्यांनी तो जरा बिचकत टेबलावर ठेवला. चहा झाला. मग ते उठून दाराशी गेले. एकदा करून दाखवायचं, परत केलं म्हणायचं, आणि मग कायमचं सोडून द्यायचं, एवढं त्यांचं काम उरलं होतं. त्यांनी डावा हात कमरेशी नेला. मी कपाटातल्या बशांकडे बघितलं.

सासऱ्यांनी पुडा ओढून घेतला होता आणि दोरा सोडून फोडत होते.

"राहू द्या, कलाकार," ते मोठ्या मनाने म्हणाले. "बसा. तुमची टाच अजून चुकते."

कलाकारांचा हात कमरेशी तसाच राहिला. वहिनी माझ्याकडे बघत होत्या, मी त्यांच्याकडे. मग त्यांनी हात खाली सोडला, येऊन खुर्चीत बसले.

"चुकतेच," ते म्हणाले. "नाहीच जमली मला." आणि पुड्यातला बटाटा वेचून खाऊ लागले.